वर्षभराच्या मालिकेतून पुरस्कारासाठी कोणता एक भाग पाठवावा?

एका मराठी दैनंदिन मालिकेच्या संवादलेखिकेने विचारलेला प्रश्न थोडक्यात असा आहे. तिच्या निर्मितीसंस्थेने या वर्षी एका टेलिव्हिजन पुरस्कारासाठी ‘सर्वोत्कृष्ट संवाद’ या विभागात तिची प्रवेशिका पाठवायचे ठरवले आहे आणि वर्षभरातला एकच भाग निवडून द्यायला सांगितले आहे. युनिटमधल्या बहुतेकांचे मत असे, की लग्नाचा एक तासाचा महाएपिसोड पाठवावा, कारण त्या आठवड्यात मालिकेचा टीआरपी सर्वांत जास्त होता. तिला स्वतःला मात्र एक साधा, बिनसणासुदीचा भाग पाठवावासा वाटतो, ज्यात धाकटी सून वेगळे बिऱ्हाड करण्यापूर्वी सासूकडे रेशन कार्ड मागते. शेवटी तिने हेही विचारले आहे, की असे पुरस्कार आधीच ठरलेले असतात का, आणि असतील तर एवढा विचार करण्यात अर्थ आहे का.

मी बरीच वर्षे मुंबईत मालिकांच्या पटकथा लिहितो आहे आणि मधल्या काळात काही पुरस्कारांच्या परीक्षक मंडळांवरही बसलो आहे, त्यामुळे या प्रश्नाच्या दोन्ही बाजू मला जवळून ठाऊक आहेत. माझे मत आधीच सांगतो: रेशन कार्डाचाच भाग पाठवा. मात्र तो नुसता पाठवून चालणार नाही, त्याच्यासोबत काय लिहून द्यायचे याचा नीट विचार करावा लागेल.

तुम्ही प्रश्न ‘कोणता भाग चांगला’ असा मांडला आहे. खरा प्रश्न वेगळा आहे. तुमची मालिका एकदाही न पाहिलेल्या माणसाने तो भाग पाहिला, तर त्यातले तुमचे काम त्याला दिसेल का? आपल्याकडे दैनंदिन मालिका आठवड्याला सहा भाग दाखवते, म्हणजे वर्षाला तीनशेहून अधिक. एक भाग जाहिराती वगळून साधारण बावीस मिनिटांचा धरला, तरी एका मालिकेचे वर्ष ११० तासांच्या पुढे जाते. पाच मालिका अंतिम फेरीत असतील तर साडेपाचशे तास होतात. कोणताही परीक्षक एवढे पाहू शकत नाही, आणि पाहतो असे म्हणत असेल तर त्यावर विश्वास ठेवू नये. म्हणजे ‘वर्षातील सर्वोत्कृष्ट संवाद’ असे नाव असलेला पुरस्कार प्रत्यक्षात बावीस मिनिटांच्या संवादांना मिळतो. हा कोणाचा लबाडपणा नाही. दैनंदिन मालिकेचे स्वरूपच असे आहे, की तिला न्याय द्यायचा तर नमुना पाहूनच द्यावा लागतो. नमुना कोणता, हे ठरवण्याचा अधिकार या वेळी तुमच्या हातात आला आहे, आणि लेखकाच्या हातात तो फार क्वचित येतो.

आता परिस्थितीवर काय अवलंबून आहे तेही सांगतो, कारण सगळे पुरस्कार एका जातीचे नसतात. झी मराठी किंवा स्टार प्रवाह यांसारख्या वाहिन्या दर वर्षी आपापल्या मालिकांसाठी जे पुरस्कार देतात, ते मुळात वाहिनीच्या कुटुंबाचा सोहळा असतात. तिथे नायक-नायिकेबरोबर सर्वोत्कृष्ट सून, सासू, भावंडे, जोडी असे विभाग असतात, आणि प्रेक्षकांच्या मतांना मोठे स्थान असते. प्रेक्षक तिथे आपल्या आवडत्या पात्राला कौल देतो. कुठल्या तारखेच्या भागात कुठले वाक्य कसे लिहिले होते, हे त्याला कोणी विचारलेलेच नसते. त्यामुळे अशा सोहळ्यासाठी तुमचा प्रश्न उद्भवतच नाही. ‘आधीच ठरलेले असते’ ही तक्रार मी बहुतेक वेळा याच सोहळ्यांबद्दल ऐकतो. नव्या मालिकेला बळ मिळावे, जुन्या मालिकेच्या मंडळींचा मान राहावा, कोणीच रिकाम्या हाताने घरी जाऊ नये, असे विचार वाहिनी करते यात मला शंका नाही. वाहिनीने आपल्या माणसांचे केलेले कौतुक म्हणून त्याकडे पाहिले, तर त्यात गैर काही नाही. तुलनेने केलेले परीक्षण म्हणून पाहिले, तर निराशा ठरलेली आहे.

दुसरी जात वाहिनीबाहेरच्या संस्थांची. इंडियन टेलिव्हिजन ॲकॅडमीचे पुरस्कार आणि इंडियन टेली पुरस्कार हे दोन्ही २००१ मध्ये सुरू झाले. त्यांचा भर हिंदी मालिकांवर राहिला आणि त्यांत लोकप्रिय कौलाचे विभाग आणि परीक्षकांचे विभाग अशी विभागणी असते. अंधेरीच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनने २०२० मध्ये आपले पुरस्कार सुरू केले, ज्यांत लेखकांच्या कामाचे परीक्षण लेखकच करतात. गोव्याच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात २०२३ पासून वेब मालिकेला पुरस्कार दिला जातो आणि २०२४ मध्ये तो ‘लंपन’ या मराठी मालिकेला मिळाला, ही आपल्या सगळ्यांसाठीच आनंदाची गोष्ट होती. तुम्ही ज्या पुरस्काराचे वर्णन केले आहे, त्यात भाग मागवला आहे, पात्रता-काळ दिला आहे आणि लेखनाचा विभाग स्वतंत्र आहे. ही लक्षणे परीक्षक मंडळाची आहेत, म्हणून पुढचे सगळे मी तसे धरून लिहितो आहे. तरी प्रवेशिकेची नियमावली स्वतः वाचा. निर्मितीसंस्थेतल्या कोणी तोंडी सांगितलेल्यावर राहू नका. मूळ प्रसारणाची तारीख पात्रता-काळात बसते का, भाग प्रसारित झाला तसाच द्यायचा की ‘मागील भागात’ आणि जाहिरातींचे तुकडे काढता येतात, महाएपिसोड हा एक भाग धरतात की दोन, सोबत टिपण जोडता येते का, एवढ्या गोष्टी त्यात असतातच.

एका भागावरून वर्षाचा निकाल लावायचा, ही कल्पना तुम्हाला अन्यायाची वाटत असेल, तर अमेरिकेतल्या एमी पुरस्कारांची रीत समजून घेण्यासारखी आहे. त्यांचा पहिला सोहळा २५ जानेवारी १९४९ रोजी हॉलिवूड ॲथलेटिक क्लबमध्ये झाला, आणि तेव्हापासून टेलिव्हिजनच्या कामाची तुलना कशी करायची यावर त्या मंडळींनी सतत फेरविचार केला आहे. तिथे मालिकेतल्या अभिनयाच्या विभागात नट आपल्या कामाचा एक भाग निवडून देतो; लेखन आणि दिग्दर्शनाची प्रवेशिकाही एका भागाचीच असते. वर मत देणारे त्याच विद्येचे असतात, म्हणजे लेखनाला लेखक आणि दिग्दर्शनाला दिग्दर्शक. शिवाय दुपारच्या दैनंदिन मालिकांची तुलना रात्रीच्या मालिकांशी होऊ नये म्हणून १९७४ पासून डेटाइम एमी हा वेगळा सोहळाच केला गेला. हे मला फार महत्त्वाचे वाटते. २०२५ मध्ये मर्यादित मालिकेचा एमी मिळालेली ‘ॲडोलसन्स’ अवघ्या चार भागांची होती, प्रत्येक भाग एका सलग शॉटमध्ये चित्रित केलेला होता, आणि परीक्षक एका संध्याकाळी ती संपूर्ण पाहू शकत होता. जी मालिका आज लिहून परवा चित्रित होते आणि तेरवा दिसते, तिच्या संवादांना अशा कामाच्या शेजारी उभे करणे कोणाच्याच हिताचे नाही. आपल्याकडे अजूनही काही पुरस्कारांत वेब मालिका आणि दैनंदिन मालिका एकाच लेखन विभागात येतात. तुमच्या नियमावलीत तसे असेल, तर निकालाकडून ठेवायची अपेक्षा त्या प्रमाणात कमी करा, पण प्रवेशिका मागे घेऊ नका.

आता परीक्षकाच्या खोलीत काय होते ते सांगतो. पूर्वी सगळे एकत्र बसून पाहत; आता बहुतेक ठिकाणी लिंक येते आणि माणूस घरी, रात्री, दिवसभराचे काम संपल्यावर पाहतो. पहिली प्रवेशिका तो फार लक्ष देऊन पाहतो, चौथी-पाचवी पाहताना थकलेला असतो. प्रत्येक प्रवेशिकेला दहापैकी गुण द्यायचे आणि सरासरी काढायची, ही सर्वांत प्रचलित पद्धत आहे, आणि तिच्यात एक खोट आहे जी प्रवेशिका भरणाऱ्याला माहीत असायला हवी. समजा पाच परीक्षक आहेत. एका प्रवेशिकेला तिघांनी नऊ-नऊ गुण दिले, पण एकाला ती पटली नाही म्हणून त्याने पाच आणि दुसऱ्याने चार दिले. बेरीज छत्तीस झाली. दुसऱ्या प्रवेशिकेवर कोणाचाच फारसा जीव जडला नाही, पण कोणाला ती खटकलीही नाही. तिला सात, आठ, सात, आठ, सात मिळाले आणि बेरीज सदतीस झाली. पुरस्कार दुसरीला जातो. पाचपैकी तिघांना जे सर्वोत्तम वाटले होते, ते हरते. जिथे परीक्षक समोरासमोर बसून बोलतात आणि मग गुप्त मतदान करतात, तिथे हे कमी घडते, कारण ज्याने चार दिले त्याला का दिले हे सांगावे लागते आणि बाकीच्यांचे ऐकावे लागते. मी ज्या मंडळांवर होतो, त्यांतल्या चर्चेनंतर स्वतःचे मत बदललेले परीक्षक मी पाहिले आहेत, आणि त्यात त्यांचा मोठेपणाच होता. ज्या परीक्षकाचा एखाद्या मालिकेशी संबंध असतो, त्याने त्या विभागाच्या वेळी बाहेर जावे ही अपेक्षा असते. चांगल्या मंडळांत ती पाळली जाते.

सरासरीच्या या पद्धतीमुळे तुमच्यासाठी निष्कर्ष असा निघतो, की कमी गुण देणारा परीक्षक बहुधा भाग न आवडल्यामुळे कमी देत नाही, तर भाग न समजल्यामुळे देतो. कोण कोणाचे, कशावरून भांडण, ही बाई रडते का आहे, हे कळेना झाले की पेन आपोआप पाचवर थांबते. लग्नाच्या महाएपिसोडची अडचण नेमकी तिथे आहे. त्या एका तासात दोन्हीकडची मिळून किती पात्रे पडद्यावर येतात ते मोजून पाहा. त्यांतल्या प्रत्येकाच्या नजरेमागे पन्नास-साठ भागांचा इतिहास आहे, जो तुमच्या प्रेक्षकाला तोंडपाठ आहे आणि परीक्षकाला ठाऊक नाही. खलनायिका मंगलाष्टकांच्या वेळी हसते तेव्हा घराघरांतला प्रेक्षक शहारतो. परीक्षकाला एक पाहुणी हसताना दिसते. शिवाय लग्नाच्या भागात लेखकाचे संवाद तुलनेने कमीच असतात. विधी, गाणे, नाच, प्रवेश, स्लो मोशन, पुन्हा विधी. वेशभूषा, कलादिग्दर्शन किंवा छायालेखनाच्या विभागात तो भाग अवश्य पाठवावा, आणि निर्मात्यांना तसे सुचवाही.

टीआरपीचा मुद्दा तुमच्या सहकाऱ्यांनी मनापासून मांडला असेल, पण तो इथे लागू होत नाही. दर गुरुवारी बार्क या प्रेक्षकसंख्या मोजणाऱ्या संस्थेचे आकडे येतात ते किती घरांत तो कार्यक्रम किती वेळ पाहिला गेला याचे असतात. महाएपिसोडच्या आकड्यामागे दोन आठवडे चाललेले प्रोमो असतात, रविवारची संध्याकाळ असते, समोरच्या वाहिनीवर त्या वेळी काय होते हेही असते. लोकांनी तो पाहिला यात तुमच्या लेखनाचाही वाटा आहे, पण त्या भागातल्या संवादांचा तो पुरावा नाही. प्रवेशिकेच्या टिपणात टीआरपीचा उल्लेख करू नये असे माझे स्पष्ट मत आहे. परीक्षकाला तो दबाव वाटतो.

आता तुमच्या रेशन कार्डाच्या भागाकडे येतो. प्रश्नासोबत तुम्ही जो प्रसंग उतरवून दिला आहे, तो इतरांनाही कळावा म्हणून थोडक्यात सांगतो. सासू स्वयंपाकघरात खाली बसून तांदूळ निवडते आहे. धाकटी सून दारातच उभी राहून म्हणते, की कार्ड लागेल, झेरॉक्स काढायची आहे. सासू मान वर न करता विचारते, “कुणाकुणाची नावं कमी होणार?” सून सांगते, “आमची तिघांची.” सासू थोडा वेळ गप्प राहते आणि म्हणते, “म्हणजे पंधरा किलो कमी.” मग उठून डब्यामागून प्लॅस्टिकच्या पिशवीत गुंडाळलेले कार्ड काढते, सुनेच्या हातात देते आणि एवढेच म्हणते, “तुमची नावं काढ. ह्यांचं नाव अजून आहे त्यात, ते मात्र राहू दे.”

हे उत्तम लिहिले आहे. मी हे लिहिणाऱ्याला खूश करण्यासाठी म्हणत नाही. प्राधान्य कुटुंबाच्या कार्डावर माणशी महिन्याला पाच किलो धान्य मिळते, म्हणून तिघांचे पंधरा किलो. सासूने हिशेब बरोबर केला आहे, आणि त्या हिशेबाआडून ती ‘जाऊ नका’ म्हणते आहे, हे कोणीही न सांगता कळते. घर फुटण्याच्या प्रसंगात आपल्या मालिकांमध्ये संस्कार, माहेर, वाटणी यांवर पानेच्या पाने भाषणे लिहिली जातात, मीही लिहिली आहेत, कारण वाहिनीला तो तणाव ऐकू यायला हवा असतो. तुम्ही तो तणाव सरकारी कागदावर ठेवलात. संवादाचा पुरस्कार याच कौशल्यासाठी असायला हवा.

पण शेवटच्या वाक्यातच तुमची अडचण आहे. ‘ह्यांचं नाव’ म्हणजे वारलेल्या सासऱ्यांचे नाव, हे तुमच्या प्रेक्षकाला सांगावे लागत नाही. परीक्षकाला सासरे हयात नाहीत हे कुठून कळणार? तुम्ही लिहिले आहे, की हार घातलेला फोटो भागाच्या उत्तरार्धात, बाहेरच्या खोलीतल्या प्रसंगात दिसतो. म्हणजे वाक्य आधी येते आणि त्याचा अर्थ दहा मिनिटांनी. काही परीक्षक मागे जाऊन जोडून घेतील. एखाद्याला वाटेल, की सासरा गावी गेला असावा, आणि मग त्या वाक्याचा सगळा जीव जाईल. भाग प्रसारित झाला तसाच द्यायचा नियम असेल तर त्यात बदल करता येणार नाही, आणि करूही नये. म्हणून सोबतच्या टिपणाचा उपयोग करा. टिपणात मालिकेची महती, कलाकारांची नावे, ‘नात्यांची हृदयस्पर्शी गुंफण’ अशा ओळी घालून जागा वाया घालवू नका. घरात कोण कोण आहे, सासरे दोन वर्षांपूर्वी वारले, धाकटा मुलगा नोकरीमुळे वेगळे बिऱ्हाड करतो आहे आणि हे आईला आदल्या दिवशीच कळले आहे, एवढे चार-पाच वाक्यांत लिहा. प्रसंगाचा अर्थ मात्र समजावून सांगू नका. ‘यातून सासूचे दुःख व्यक्त होते’ असे वाक्य टिपणात दिसले, की परीक्षकाचा शोधण्याचा आनंद हिरावला जातो आणि लेखकाचा स्वतःच्या लेखनावर विश्वास नाही असे वाटू लागते. परीक्षकांत अमराठी मंडळी असण्याची शक्यता असेल तर उपशीर्षके कोण करणार हे आजच विचारा आणि ती स्वतः तपासा. पंधरा किलोचा संबंध माणशी पाच किलोशी आहे, हे दुसऱ्या राज्यातल्या माणसालाही कळते, पण उपशीर्षकात फक्त ‘धान्य कमी मिळेल’ असे आले तर हिशेबच नाहीसा होईल.

भाग पाठवण्याआधी एक चाचणी जरूर करा. तुमची मालिका न पाहणाऱ्या, आणि शक्यतो आपल्या व्यवसायात नसलेल्या एखाद्या माणसाला फक्त ते टिपण वाचायला द्या आणि मग भाग दाखवा. पाहताना तुम्ही काहीही बोलू नका. नंतर ‘आवडले का’ असे विचारू नका, कारण समोरचा भिडेपोटी हो म्हणेल. कोण कोणाचे कोण लागते, कोणाला काय हवे होते आणि कुठले वाक्य लक्षात राहिले, हे विचारा. लक्षात राहिलेले वाक्य तुम्हाला अपेक्षित होते तेच निघाले तर काळजीचे कारण नाही. वेगळे निघाले तर टिपणात कशावर जोर पडला आहे ते पुन्हा पाहा.

त्या वाक्यानंतर पार्श्वसंगीत चढते आणि दोघींच्या चेहऱ्यांवरून कॅमेरा दोनदा फिरतो, याचे तुम्हाला वाईट वाटते असे तुम्ही लिहिले आहे. मला ती भावना समजते. पण मालिकांत मुरलेला परीक्षक ते वजा करून पाहतो. ती संकलनाच्या टेबलावरची आणि वाहिनीच्या शैलीची गोष्ट आहे हे त्याला माहीत असते. त्यासाठी भाग बदलू नका.

एका गोष्टीबाबत मात्र फार काटेकोर राहा, ती म्हणजे श्रेय. आपल्याकडे कथा, पटकथा आणि संवाद ही तीन श्रेये वेगळी असतात, आणि लांब चाललेल्या मालिकेत संवादलेखक दोघे असणे, आलटून पालटून लिहिणे, सुट्टीच्या आठवड्यात तिसऱ्याने भाग लिहून देणे हे नेहमीचे आहे. सेटवर नट वाक्य बदलतात, दिग्दर्शक कापतो, क्रिएटिव्ह टीममधले कोणी आयत्या वेळी ओळ सुचवते. म्हणून निवडलेल्या भागाची तुम्ही पाठवलेली संहिता काढा आणि प्रसारित भागाशी ओळीने ओळ ताडून पाहा. मुख्य प्रसंग लिहिल्याप्रमाणे झाला असेल तर उत्तम. ‘पंधरा किलो’ ही ओळ जर सासूचे काम करणाऱ्या अभिनेत्रीने तालमीत सुचवलेली असेल, तर प्रवेशिका तुमच्याच नावाने जाईल, पण तिला आधी सांगून ठेवा. आणि भागाच्या श्रेयनामावलीत दुसऱ्या लेखकाचे नाव असेल, तर ते अर्जात असलेच पाहिजे, मग त्याने त्या भागातला एकच प्रसंग का लिहिलेला असेना. पुरस्कारानंतर श्रेयावरून तुटलेली मैत्री पुन्हा जुळत नाही. मी ती तुटताना पाहिली आहे.

एवढा विचार करण्यात अर्थ आहे का, या तुमच्या शेवटच्या प्रश्नाला दोन भागांत उत्तर देतो. परीक्षक मंडळाचा निकाल बहुतेक ठिकाणी विकलेला नसतो, असे मी स्वतःच्या अनुभवावरून सांगू शकतो. तो चुकू मात्र शकतो, आणि मोठमोठ्या ठिकाणी चुकला आहे. ‘बेटर कॉल सॉल’ या मालिकेला ५३ एमी नामांकने मिळाली आणि पुरस्कार एकही नाही. ‘द वायर’ला पाच पर्वांत मिळून दोनच नामांकने मिळाली, दोन्ही लेखनाची, आणि दोन्ही वेळा ती हरली, आज लेखन शिकणाऱ्या मुलांना तीच मालिका पाहायला सांगितली जाते. दैनंदिन मालिकेतले आपल्या जवळचे उदाहरण सुझन लुची या अभिनेत्रीचे आहे. ‘ऑल माय चिल्ड्रन’ या दुपारच्या मालिकेत ती १९७० पासून काम करत होती. डेटाइम एमीसाठी तिला अठरा वेळा नामांकन मिळून हार पत्करावी लागली आणि १९९९ मध्ये, एकोणिसाव्या वेळी, पुरस्कार मिळाला. त्या सगळ्या काळात तिचे काम थांबले नव्हते. व्यवहाराचे बोलायचे तर पुरस्काराने पुढच्या करारात प्रति भाग मानधनावर बोलायला बळ येते आणि नवे निर्माते नावाने ओळखू लागतात. नामांकनानेही यातले बरेचसे साधते. त्याहून अधिक काही होईलच असे आश्वासन मी देणार नाही.

दुसरा भाग सोहळ्याचा आहे. तुम्हाला नामांकन मिळाले, तर वरळीला किंवा शीवला झगमगाटात सोहळा होईल, त्याचे चित्रीकरण रात्री उशिरापर्यंत चालेल आणि काही आठवड्यांनी रविवारी संध्याकाळी तो कापून दाखवला जाईल. त्या कापाकापीत लेखन, संकलन, ध्वनी हे विभाग सर्वांत आधी जातात. एमीमध्येही तांत्रिक विभागांचा वेगळा सोहळा असतो. २०२४ मध्ये ‘शोगन’ या मालिकेला मिळालेल्या विक्रमी १८ पुरस्कारांपैकी १४ त्या वेगळ्या सोहळ्यात दिले गेले होते. पण तिथे लेखनाचे प्रमुख पुरस्कार मुख्य मंचावर, थेट प्रसारणात दिले जातात, आणि आपल्याकडेही ते तसेच दिले जावेत असे मला अगदी मनापासून वाटते. ज्या माध्यमात दिवसाला बावीस मिनिटांचे बोलणे कोणीतरी रात्री जागून लिहिते, तिथे त्या माणसाचा चेहरा प्रेक्षकांना वर्षातून एकदा तरी दिसायला हवा. आयोजकांकडे माझी आणखी एक मागणी अनेक वर्षांपासून आहे: परीक्षकांची नावे आणि गुणांकनाची पद्धत निकालाबरोबर जाहीर करावी. तुमच्या मनात आलेली शंका त्याने जेवढी दूर होईल, तेवढी माझ्या सांगण्याने होणार नाही.

तेव्हा या आठवड्यात करायचे काम एवढेच आहे, की नियमावली मिळवून वाचा, संहिता आणि भाग ताडून पाहा, टिपण लिहून त्यात सासऱ्यांचा उल्लेख आहे याची खात्री करा आणि निर्मितीसंस्थेचे ना हरकत पत्र लेखी घ्या. युनिटमधल्या मंडळींना तुमची निवड पटत नसेल, तर त्यांनाही तीच चाचणी करायला सांगा: महाएपिसोड आणि हा भाग, दोन्ही एकाच अनोळखी माणसाला दाखवा. आणि अर्ज पाठवल्यावर पोहोच मागून घ्या, कारण नामांकनाची यादी छापायला गेल्यानंतर चुकलेले किंवा राहिलेले नाव दुरुस्त करून घेणे फार जड जाते. दुसऱ्या लेखकाचे नाव अर्जात लिहिले तसेच पोहोचेत आले आहे का, ते त्याच दिवशी पाहून घ्या.